तुफानचा ठोका

"गाणं सुरू होण्याआधी नुसता ठोका वाजू द्या," असा संयोजकांचा निरोप आला, म्हणून ध्वनिमुद्रक मास्तरांनी बाकीचे सगळे आवाज एकेक करून बंद केले आणि हेडफोन कानांवर चढवले.

गिटार गेली, कीबोर्ड गेला, दोघी बहिणींचे गळे गेले. एकटा ठोका उरला. धप्-धप्. धप्-धप्. मग काहीच नाही. अंधाऱ्या जिन्यात पुढे चालणारा माणूस मध्येच थबकावा, तशी एक पोकळी. आणि तिच्यामागोमाग घाईघाईने पडलेला एक दुबळा ठोका.

मास्तरांनी केबल बदलली. हेडफोन बदलले. यंत्राला बोल लावण्याआधी जोडणी तपासावी, हे त्यांच्या हाडीमासी खिळलेले होते. जोडणी निर्दोष निघाली. पोकळी मात्र जागच्या जागी होती.

गाणे दोघी बहिणींच्या बँडचे होते. त्यांचा मावसभाऊ धावपटू. सगळे त्याला तुफान म्हणत. गेल्या वर्षी शर्यतीच्या शेवटच्या वळणावर तो धाडकन कोसळला. हृदयावर शस्त्रक्रिया झाली, पोरगा पुन्हा उभा राहिला, आणि क्रीडासंघाने खेळाडूंच्या हृदयतपासणीसाठी निधी गोळा करायला घेतला. त्या निधीसाठी हे गाणे. तालासाठी ड्रम नकोत, तुफानच्या दुरुस्त हृदयाचाच ठोका घेऊ, ही टूम धाकटीची. मास्तरांनी स्टेथोस्कोपच्या नळीत छोटा माइक बसवला, चालतो की नाही ते शिस्तीत पाहून घेतले, मग तो तुफानच्या छातीवर टेकवला. पुढची निवड आणि जुळवाजुळव धाकटीने केली. गाण्याच्या गर्दीत ठोका मागे पडला आणि तो वेगळा ऐकण्याची वेळ आजवर आली नव्हती.

आज संध्याकाळी याच ठोक्यावर तुफान भरल्या मैदानात वर्षभरानंतरची पहिली फेरी धावणार होता.

मास्तरांनी थोरलीला फोन लावला. तिने उचलला नाही. धाकटीने उचलला, पण तिच्यामागे स्पीकरांचा कल्लोळ चालला होता.

"त्याला धावू देऊ नकोस!" मास्तर ओरडले.

"काय म्हणालात? काही ऐकू येत नाहीये हो! लवकर या, तुफान केव्हाचा बूट बांधून बसलाय. नवरदेवाला सुद्धा एवढी घाई नसते!"

फोन बंद झाला.

टॅक्सी मैदानाच्या फाटकाशीच अडवली गेली. मास्तर उतरले आणि जागीच उभे राहिले. धाकटीने तिच्याकडचा ठोका वाजवून पाहायला घेतला होता. रिकाम्या बाकांवर आपटून तो चहूबाजूंनी परत येत होता. धप्-धप्. पोकळी. धप्. झाडलोट करणाऱ्या बाईने मान वर केली, झाडू भिंतीला टेकवला आणि उगाचच पदर सावरून घेतला.

मैदानाकडे जाणाऱ्या पायऱ्या चढताना मास्तरांना दोनदा कठडा धरावा लागला. आपण थांबतो तेव्हा वरचा ठोकाही अडखळतो, असे त्यांना वाटले. मनाचे खेळ, त्यांनी स्वतःला बजावले. माणूस घाबरला की सावलीलाही पाय फुटतात.

"अहो मास्तर, चेहरा का असा पांढराफटक?" थोरली सामोरी आली. "गाणं बिघडलं की काय?"

"गाणं ठीक आहे. डॉक्टर कुठायत?"

मैदानावरच्या डॉक्टर शेजारच्याच तंबूत होत्या. मास्तरांनी बरोबर आणलेला ठोका त्यांना हेडफोनवर ऐकवला. ऐकता ऐकता त्यांचे हसू मावळले.

"हे कुणाचं?"

"तुफानचं. शस्त्रक्रियेनंतरचं. गेल्याच महिन्यात मी स्वतः घेतलंय."

"मग तो मुलगा उभा कसा राहतोय?" डॉक्टर पुटपुटल्या आणि तंबूबाहेर येऊन कडाडल्या, "ए तुफान! बूट काढ आणि आत ये."

"चेष्टा करताय का डॉक्टर? वर्षभर घरात लोळून लोळून गादीला खड्डा पडलाय!"

"तोंड बंद. शर्ट वर."

थोरलीने भावाचा हात घट्ट धरला. मावशीला मी काय सांगू, एवढेच ती हलक्या आवाजात म्हणाली. डॉक्टरांनी पुढून ऐकले, पाठीवरून ऐकले, श्वास रोखायला लावून पुन्हा ऐकले. बाहेर लोक बाकांवर येऊन बसू लागले होते.

"घड्याळ चालावं तसं चाललंय," अखेरीस त्या म्हणाल्या. "एक ठोका चुकत नाही. धाव बाबा तू."

"बघा!" तुफानने थोरलीला कोपराने ढोसले. "उगाच रडवेली झाली होती वेडी."

मास्तरांच्या छातीवरचे ओझे आता उतरायला हवे होते. ते काही उतरले नाही. तंबूच्या कापडावर बाहेरचा ठोका थडकतच होता. धप्-धप्. पोकळी. या वेळची पोकळी इतकी लांबली की तुफानही हसायचा थांबला.

"मग हे कोण वाजतंय?" डॉक्टरांनी विचारले. "ज्याचं कुणाचं असेल त्याला आधी शोधा. त्या माणसानं आता एक पायरीसुद्धा चढायची नाही."

थोरलीने फोन करून धाकटीला बोलावले. ती धावतपळत आली आणि दारातच थबकली. "काय झालं? कुणाचं लग्न मोडल्यासारखे का बसलात सगळे?"

"तो ठोका कुठून आणलास तू?" थोरलीने विचारले.

धाकटीने जीभ चावली आणि चोरट्या नजरेने मास्तरांकडे पाहिले.

"रागावू नका हं, मास्तर. तुफानचा ठोका अगदीच सरळसोट होता हो, गाण्याला काही रंगच चढेना. तुम्ही माइक तपासायला तो आधी स्वतःच्या छातीवर धरला होता ना, तेव्हाचा ठोकाच मी लावला."