पानगा

सगुणाबाईने पानगा हात न लावता केला. तांदळाचं पीठ गुळाच्या पाण्यात पळीने कालवलं, पळीनेच केळीच्या पानावर पसरलं, त्यावर ठेचलेले काजू, चारोळी आणि भाजलेल्या गोडंब्या टाकल्या, वर पुन्हा पीठ. दुसरं पान झाकून तिने ते सगळं उलथन्याने चुलीतल्या निखाऱ्यांत सारलं.

हात लावण्यासारखे राहिले नव्हते. गोडंब्यांसाठी काल बिबे फोडताना हाताला खोबरेल चोळायचं ती विसरली. सगळा जन्म बिबे फोडण्यात गेला, आणि विसरली ती नेमकी काल, लेकरू रडत होतं तेव्हा. बिब्याचं जहाल तेल लागून दोन्ही हात मनगटाच्या वरपर्यंत उतले होते. बोटं सुजून जाड झाली होती, फोडांतून पाणी गळत होतं. असल्या हातांनी तान्ह्याला शिवायचं नसतं, हे वाडीतल्या शेंबड्या पोरीलाही ठाऊक असतं.

लेकरू सुपात पडून रडत होतं. त्याची आई, सगुणाबाईची लेक रंगू, भिंतीकडे तोंड करून निजली होती. बाळंत झाल्यापासून तिने अन्नाला तोंड लावलं नव्हतं. छाती तर लुगड्याच्या पट्टीने आवळून बांधली होती, दूध येऊच नये म्हणून.

"रंगू, ऊठ बाय. दोन घास खा."

"नको."

"लेकरू चाललंय गो भुकेनं."

"शेळीचं पाज."

"पचत नाय त्याला, सगळं वकलं. आन् मी पाजू कशानं? हे हात बघ माझं."

रंगूने बघितलं नाही. ती भिंतीलाच म्हणाली, "पयली दोन माझ्याच अंगावर पिता पिता गेली, आये. माझ्या दुधातच काय तरी हाय. ह्याला मी मारायची नाय."

सगुणाबाईला संताप आला. हात धड असते तर तिने लेकीच्या थोबाडीत दिली असती, आणि मग तिला पोटाशी धरून रडलीही असती. जावई कुशाबा डॉक्टरला आणायला खाली पोलादपूरला गेला होता. डॉक्टर भेटला आणि एवढा डोंगर चढायला तयार झाला, तरी दिवस बुडायच्या आत कुणी येत नव्हतं.

पान करपल्याचा वास सुटला. तिने उलथन्याने पानगा बाहेर ओढला, तेवढ्यात उलथनं सुजलेल्या बोटांतून निसटून चुलीत पडलं. ते कसं काढावं हे बघत असताना तिच्या लक्षात आलं, की घरात कसलाच आवाज नाही.

ती सुपाशी धावली. लेकराचं तोंड उघडं होतं, ओठ थरथरत होते, पण रडं फुटत नव्हतं. तिने हात पुढे केले आणि मागे घेतले.

"रंगू! गप झालं गो!"

रंगूने मान वळवली. "उचल ना, आये!"

"कशानं उचलू?"

फोडांनी भरलेले ते दोन्ही हात रंगूला आता दिसले. ती गुडघ्यांवर रांगत आली. क्षणभर तिचे हात सुपावर नुसतेच थांबले. मग तिने लेकराला उचललं, छातीवरची पट्टी खसकन ओढून काढली आणि त्याला अंगाशी लावलं. लेकराने तोंडात धरलं. दोनदा ओढलं आणि सोडून दिलं.

"येत नाय," रंगू म्हणाली. तिने स्वतःच दाबून बघितलं. "आये, येत नाय गो! काय बी येत नाय!"

पानगा चुलीपुढे होता. अन्नाला चुकून पाय लागला तरी सगुणाबाई तीनतीनदा नमस्कार करायची. तिने तो पानगा पायाने लेकीकडे लोटला.

रंगूने एका हाताने पान फाडलं. आतून भसकन वाफ आली. बोटं भाजत तिने तुकडा मोडला आणि फुंकर न घालता तोंडात कोंबला. तो गिळायच्या आत दुसरा. डोळ्यांतलं पाणी लेकराच्या टाळूवर पडत होतं, ते पुसायलाही ती थांबली नाही.

"दुसरा घाल, आये," ती भरल्या तोंडाने म्हणाली. "लवकर घाल."