एल्क फोर्डचा बंद पडदा

"ग्लेंडा, तुझा म्हातारा आला बघ," शेजारच्या खुर्चीवरून कर्टिस म्हणाला. "साडेसहा. याच्यावर घड्याळ लावून घ्यावं."

ग्लेंडाने फोन घेतला. "बोला, मिस्टर हॅगन."

"थांबा हं बाई, स्पीकरवर टाकतो." जरा खरखर झाली. "आजचा सामना आमच्या एल्क फोर्डला दिसणार का?"

"नाही हो. तुमचा भाग अजून बंदच आहे."

"जरा मोठ्यानं सांगता? बायकोला ऐकू जाऊ दे. मी सांगितलं तर तिला पटत नाही."

ग्लेंडाने मोठ्याने सांगितले. मागून एक दमलेला आवाज आला, "मेल्यांचं वाटोळं होवो!" ऑर्विल हॅगननी मात्र नेहमीसारखे मनापासून आभार मानले आणि फोन ठेवला.

ग्लेंडाची कंपनी देशभरातले बास्केटबॉलचे सामने घरोघरी दाखवायची. फक्त जिथला संघ, तिथे दाखवायला मनाई. त्या मुलखाचा हक्क तिथल्या वाहिनीने विकत घेतलेला असे. आणि त्या वाहिनीचे केबलवाल्यांशी फाटले, की तीही दिसत नसे. म्हणजे अलास्कातल्या माणसाला सामना दिसणार आणि खेळाडूच्या जन्मदात्यांना दिसणार नाही. ज्याने कोणी हा नियम काढला, त्याला कधी फोनवर बसवले नसणार. दूर टल्सा शहरातल्या त्या कार्यालयात चाळीस माणसे दिवसभर त्याच्या वाटणीच्या शिव्या खात होती.

शिवी न देणारा हा एकटाच. अठरा दिवसांत आठ फोन आणि एकदाही आवाज चढला नव्हता.

त्यांचा मुलगा संघात होता. एकतीस नंबर, बहुतेक वेळ बाकावर. आधी दोघे हमरस्त्यावरच्या खाणावळीत जाऊन सामने बघत. तिथे छपरावर डिश होती, तिच्यावर ती वाहिनी लागे. मग बायकोच्या, लव्हॉनबाईंच्या, हृदयाची शस्त्रक्रिया झाली आणि त्या अंथरुणाला खिळल्या. या कंपनीची वर्गणी त्यांनीच हट्टाने भरायला लावली होती.

एकदा त्या स्वतःच फोनवर बोलल्या होत्या. "अहो, संघ गावोगाव फिरतोय, पोराला फोन करायला फुरसत नाही. आवाज ऐकून पंधरा दिवस झाले. निदान बाकावर बसलेला तरी दिसू दे की!"

ग्लेंडाचा मुलगा अलास्कात होता. वर्षातून एकदा, नाताळला, त्याचा फोन यायचा. ते बोलणे ऐकून तिला त्या दिवशी जेवण गेले नाही.

"रेडिओ लावा ना मग," तिने ऑर्विलना सुचवले होते.

"बिघडलाय. मीच खोलला दुरुस्त करायला. आता जुळत नाही."

"आमची यंत्रणा फक्त खात्यावरचा पिनकोड बघते," तिने आवाज खाली आणून सांगितले होते. "लांबच्या कोणा नातेवाइकाचा पत्ता द्या. मी काही ऐकलं नाही असं समजा."

"नको बाई. आणखी एक खोटं नको."

असा सरळमार्गी माणूस अजून शिल्लक आहे, याचेच ग्लेंडाला नवल वाटले होते.

आज फोन ठेवल्यावर पाच मिनिटांत तो पुन्हा वाजला. या वेळी स्पीकर नव्हता. ऑर्विल दबक्या आवाजात बोलत होते.

"बाई, उद्या तुम्ही आहात ना कामावर? सुट्टी नका घेऊ. उद्याचा सामना घरच्या मैदानावर आहे, दौऱ्यानंतरचा पहिला. उद्या ती फार मागे लागेल. तुमच्या तोंडून ऐकलं, तरच गप्प बसते."

"आहे मी," ग्लेंडा म्हणाली.

रात्रभर तिने विचार केला. ग्राहकाचा पिनकोड परस्पर बदलला म्हणून मागच्या महिन्यात एकीला त्याच दिवशी घरी पाठवले होते. ग्लेंडाचे वय सत्तावन्न. ही नोकरी गेली तर दुसरी कोणी देणार नव्हते, आणि नोकरीबरोबर औषधपाण्याचा विमाही जाणार होता. पण त्या बाईने पोराचे तोंड न बघताच डोळे मिटले, तर ग्लेंडाला ते जन्मभर खात राहणार होते.

दुसऱ्या दिवशी दुपारी कर्टिस जेवायला गेल्यावर तिने हॅगनचे खाते उघडले. एल्क फोर्डचा पिनकोड पुसून स्वतःच्या टल्सातल्या घराचा, त्या मुलखाबाहेरचा, घातला. काम दोन मिनिटांचे होते.

साडेसहाला फोन आला.

"स्पीकरवर टाकलाय, बाई. सांगा, मोठ्यानं सांगा."

"दिसणार!" ग्लेंडा जवळजवळ ओरडलीच. "लव्हॉनबाई, टीव्ही लावा! तुमचा भाग उघडलाय!"



"नाही," ऑर्विल म्हणाले. "बाई, चुकताय तुम्ही. बंद आहे म्हणा."

"अहो, मी स्वतः उघडलाय. काळजी करू नका, कोणाला कळणार नाही."

"ऑर्विल, सरक बाजूला! रिमोट माझ्या उशाशीच आहे," लव्हॉनबाईंचा आवाज एकदम तरुण झाला होता. पाठोपाठ हजारो माणसांचा गलका फोनमधून ग्लेंडाच्या कानावर आदळला. "लागला! अरे, लागला! देव तुमचं भलं करो हो!"

ग्लेंडाने डोळे पुसले. नोकरी गेली तर गेली.

"लव्हॉन, बंद कर ते. ऐक माझं. लव्हॉन, दे इकडे!"

"थांब रे, बाक दाखवतायत. सगळी पोरं उभी का राहिलीत? आपला कुठंय?"

गलका हळूहळू विरला आणि मैदानावरचा निवेदक बोलू लागला. फोनमधूनही शब्द न् शब्द स्वच्छ ऐकू येत होता.

"मंडळी, खेळ सुरू होण्याआधी सर्वांनी उभं राहावं. अठरा दिवसांपूर्वी रस्त्यावरच्या अपघातात आपण ज्याला गमावलं, त्या एकतीस नंबरच्या डेल हॅगनसाठी आता एक मिनिट शांतता."