न भरलेलं धरण

वडिलांना न्यायला गावी निघालेल्या सुमेधाची, नकाशे अपडेट करून आणलेली जुनी गाडी वाघजाळीच्या फाट्यावर रस्त्याच्या मधोमध थांबली आणि म्हणाली, "पुढे जलाशय आहे."

पुढे कोरडा डांबरी रस्ता होता. डायलिसिसला जायला निघालेले तिचे वडील गावातून त्यावरून धापा टाकत चालत आले.

तिने सर्व्हिस सेंटरला फोन लावला. "धरण अजून अर्धंही बांधलेलं नाही!"

"मॅडम, मंजुरी मिळाली की नकाशात पाणी दाखवतात. गाव काढून टाकतात."

"गावात माणसं राहतात. मी स्वतः चालवते."

"नकाशात रस्ता नसेल तर गाडी हलणारच नाही, मॅडम."

वडील खिडकीशी वाकले. "म्हणजे ही मला इथून नेणार, पण परत घरी सोडणार नाही? मग मी बसत नाही."

"दादा, चेहरा किती सुजलाय तुमचा!"

मागून धरणाकडे खडी नेणारा डंपर हॉर्न वाजवत आला. त्याच्या कंपनीच्या नकाशात हा रस्ता शाबूत होता. "ओ ताई, गाडी बाजूला घ्या!" चालक ओरडला.

सुमेधाने किल्ली काढून मुठीत आवळली आणि ती खाली उतरली. "यांना तालुक्याच्या दवाखान्यात ने आणि संध्याकाळी घराच्या दारात आणून सोड. तोवर तुमच्या धरणावर खडीचा एक दाणा जाणार नाही."