लेखी कबुली

बुटीबोरीच्या एका कापडगिरणीत मयुरीनं सुपरवायझर भूपेशविरुद्ध लेखी तक्रार दिली होती. चौकशीच्या आदल्या दिवशी त्यानं तिच्यासमोर कोरा कागद आपटला.

"तक्रार खोटी होती म्हणून लिही. नाही तं उद्यापासून तुले अन् तुह्या मायले, दोघींलेही गेटच्या आत पाय ठेवू देत नाही."

मयुरीनं मान खाली घालून लिहिलं, 'मी जे काही लिहिते, ते सगळं खोटं असते.' खाली सही केली.

भूपेशनं वाचलं आणि तो खूश झाला. "हे तं मी सांगितलं त्याच्यापेक्षाही भारी लिहिलं वं तुनं!"

दुसऱ्या दिवशी त्यानं तो कागद ऐटीत चौकशी समितीच्या मॅडमपुढे ठेवला. मॅडमनी तो दोनदा वाचला.

"हे हिनंच लिहिलं?"

"हिच्याच हातचं आहे मॅडम. सही पाहा ना."

"हिनं लिहिलेलं सगळं खोटं, तर मग हेही खोटंच झालं की."

भूपेशनं चमकून मयुरीकडे पाहिलं. ती आधीपासूनच त्याच्याकडे बघत होती.

मॅडमनी कागद बाजूला सारला. "लिहिलेलं राहू दे, मयुरी. तू तोंडानं सांग, मी लिहून घेते."

भूपेश खुर्चीतून उठायला लागला.

"बसा न साहेब," मयुरी म्हणाली. मग मॅडमकडे वळून तिनं सुरुवात केली, "यायनं गोदामाची कडी आतून लावली, तिथून सांगते."