रिळाचा डबा

मंचावर फुलांच्या गुच्छाशेजारी रिळाचा गंजलेला डबा कशाला ठेवलाय, हे भालचंद्रला कळेना. श्रीरंगचा सिनेमा संपला होता आणि टाळ्या थांबत नव्हत्या. तो मात्र शेवटच्या रांगेत हाताची घडी घालून बसला होता.

पात्रं निघून गेल्यावरही कॅमेरा रिकाम्या खोलीकडे बघत राहतो, याच शैलीवर श्रीरंग मोठा दिग्दर्शक झाला. पण तसा पहिला शॉट मिळाला तो त्याचा तेव्हाचा कॅमेरामन भालचंद्र कॅमेरा बंद करायला विसरला म्हणून! आता श्रीरंग महोत्सवांना फिरत होता आणि भालचंद्र लग्नांचं शूटिंग करत होता. बावीस वर्षं ही गोष्ट त्याच्या घशात अडकली होती.

प्रश्नोत्तरं सुरू होताच तो उठला. "पहिला शॉट कुणाच्या चुकीमुळे मिळाला, तेही सांग की!"

श्रीरंगचा चेहरा उजळला. "भाल्या, लेका, तू इथं! अहो, ह्याच्याच चुकीमुळे! म्हणून तर हा डबा जाईन तिथं नेतो. कचऱ्यातून उचललं होतं हे रीळ."

भालचंद्र मंचापाशी आला तसा त्यानं डबा पुढे केला. झाकणावर चिकटवलेल्या चिठ्ठीवरची शाई फिकटली होती, पण अक्षर भालचंद्रचंच होतं: "वाया गेलं. फेकून द्या."