बरोबरची खूण

"ह्यो बेबो तेवडो ठेवा, बाबानू. बाकीचे सगळे काडून टाका," सिद्धेश म्हणाला आणि गेमचं यंत्र त्याने मांडीवरून वडिलांकडे सरकवलं. उचलून दिलं नाही. उचलणं मे महिन्यातच संपलं होतं.

विश्राम गुरुजींनी चष्मा लावला. पाकिटासारखं मिटणारं, हातात मावेल एवढं ते यंत्र. सिद्धेशच्या मामाने बोटीवर असताना जपानातून आणलेलं, त्यालाही दहा-बारा वर्षं झाली. आतली सगळी अक्षरं जपानी. पडद्यावर डाऊनलोड केलेल्या खेळांची चित्रं रांगेने उभी होती: मोटारी, फुटबॉल, तलवारवाले, विमानं. सगळ्यांच्या खाली एक हिरवा बेडूक, सिद्धेशचा बेबो.

"काडूचे कित्याक? आसांदेत थंय."

"जागा भरली. बेबो खंयपर्यंत गेलो ता लक्षात ठेवूक जागाच नाय. रोज परत पयल्या पानार येवन बसता. आणि बाकीच्यांचा आता काय काम?"

सिद्धेशचा स्नायूंचा आजार बोटाबोटाने पुढे सरकला होता, आणि तो कुठवर आला हे घरात खेळांवरूनच कळे. मोटारींना दोन्ही हातांच्या तर्जन्या लागत. त्या आधी सुटल्या. मग फुटबॉल. मग उजवा हातच. उरला डावा अंगठा, आणि अंगठ्याने दाबलं की एका कमळपानावरून दुसऱ्यावर उडी मारणारा हा बेडूक. कावेरी रोज स्वयंपाकघरातून विचारी, "बेबो आज खंयपर्यंत गेलो रे?" तो म्हणे, "तळ्याच्या मधी गेलो, आये." तेवढ्यावर तिचा दिवस निघत असे.

"खूण खंय करूची?" गुरुजींनी विचारलं.

"चित्राच्या कोपऱ्यात चौकोन आसा, थंय. मगे लाल बटन. ता कायतरी इचारतला, तुमी वरचा दाबा."

"तुका जपानी वाचूक येता?"

"तुमची पयलीतली पोरां वाचतत तसा. नुसता तोंडपाठ."

गुरुजी हसले. दुपारच्या गोळीने सिद्धेशचे डोळे मिटत आले होते. त्याची मान उशीवर नीट करून ते यंत्र घेऊन पडवीत आले.

सगळी नोकरी त्यांनी वह्या तपासल्या होत्या. बरोबर असेल त्याला खूण. चुकलेल्याला काही नाही. पोर आपलं आपण समजतं, असं त्यांचं म्हणणं. ते एकेक चित्र ओलांडत खाली गेले आणि बेडकाच्या चौकोनात खूण केली. एकच. ती उमटली की नाही हे पुन्हा पाहिलं. मग लाल बटण दाबलं. यंत्राने जपानीत काही विचारलं. त्यांनी वरचं दाबलं. एक निळी पट्टी डावीकडून उजवीकडे भरत गेली, घंटी वाजली. गुरुजींनी झाकण मिटलं आणि पेपर उघडला.

उन्हं कलल्यावर सिद्धेश जागा झाला. त्यांनी यंत्र उघडून त्याच्या डाव्या तळहातावर ठेवलं, अंगठा उचलून बटणावर ठेवला. मागच्या परसात कावेरी वांदर हाकलत होती. सिद्धेशने पडद्यावर वरपासून खालपर्यंत नजर फिरवली.

"खूण कोणाक केल्यात?"

"बेब्याक. जो ठेवूचो त्येका. बरोबर मां?"

"बरोबर," सिद्धेश म्हणाला. मग म्हणाला, "त्यो मोटारीचो लावन देवा."

"मोटारी तर काडलंय."

"आसत."

गुरुजी वाकले. मोटारी होत्या. फुटबॉल होता. तलवारवाले, विमानं, सगळे जागच्या जागी होते. खाली, शेवटी, बेडकाच्या जागी एक रिकामा चौकोन होता. खूण केली तोच तेवढा गेला होता.

"परत घेवक येता?" त्यांनी विचारलं. आवाज त्यांचाच, पण पोराला विचारावं तसा नव्हे. पोराने विचारावं तसा.

"दुकान बंद झाला त्येंचा. जुन्या यंत्रांका आता कायच गावणा नाय."

"मामाक सांगूया."

"मामा काय करतलो? जांवदे, बाबानू. थोडी जागा तरी झाली. लावा मोटारी."

गुरुजींनी मोटारी लावल्या. कोणी काही दाबलं नाही की यंत्र आपणच खेळून दाखवी. लाल मोटार सुटली. गिऱ्हाइकाला दाखवायला दुकानात चालू ठेवतात, तसा तो खेळ चालू राहिला. सिद्धेशचा अंगठा ठेवला होता तिथेच होता.

कावेरी चहा घेऊन आली आणि दारातच थांबली. तो आवाज तिच्या ओळखीचा होता. दोन पावसाळे तो घरात झाला नव्हता.

"मोटार चलयतस?" तिने विचारलं. मग नवऱ्याकडे पाहिलं. "ओ, ह्येका दोनव हात लागतत मां?"

गुरुजींनी तोंड उघडलं. सिद्धेशने पडद्यावरची नजर काढली नाही.

"बेब्याचो कंटाळो इलो, आये," तो म्हणाला.

तिने कप खाली ठेवले. चहा बशीत सांडला, तो तिने पुसला नाही. "कालच देवळात नारायणाक गाऱ्हाणा घालून इलंय," ती म्हणाली. "कालच." कोपऱ्यातल्या नारळांतला एक उचलून तिने हलवून पाहिला, तो ठेवला, दुसरा घेतला. पदर सारखा केला. "मी देवळात जावन येतंय. तू थांबू नको रे. मी येयपर्यंत मोटार चलय."

ती पायऱ्या उतरून गेली. बाप-लेक एकमेकांकडे बघत नव्हते. लाल मोटार मघाच्याच वळणावर आली, मघासारखीच घसरली, मघासारखीच सावरली. यंत्राच्या कडेला बॅटरीचा दिवा लुकलुकायला लागला.

गुरुजी उठले आणि चार्जर शोधू लागले.