पिसांचा मुकुट

पूर्व विदर्भातल्या झाडीपट्टीच्या नाटकांत गाजलेली सुकरी आज तिच्याच गावात, प्रथमच सिनेमाच्या कॅमेऱ्यासमोर उभी होती. भूमिका आदिवासी बाईची. “थोडी आदिवासी दिस ना!” मुंबईचा दिग्दर्शक वैतागला. जन्मानं गोंड असलेल्या सुकरीला याहून जास्त दिसता येईना. मेकअपवाल्यानं हातावरचं खरं गोंदण पावडरीनं बुजवलं, स्केचपेननं नवं काढलं आणि डोक्यावर पिसांचा मुकुट चढवला. “भाऊ, कोंबडी आमी खातो, डोस्क्यावर नाई ठेवत.” “लोकांना हेच लागतं!” मेकअपवाला म्हणाला. मुकुटातलं ठिपक्यांचं पीस नाकापुढे लोंबलं. ही तर सकाळी हरवलेली तिचीच कोंबडी! पलीकडे युनिटचा रस्सा उकळत होता. सुकरीनं मुकुट काढून दिग्दर्शकाच्या डोक्यावर दाबला. “थे देवाले कबूल केली होती, सायेब. आता तिच्या जागी तुमी चला.” दिग्दर्शकाला ती पहिल्यांदाच अस्सल वाटली. तिची सिनेमातली कारकीर्द तिथंच थांबली. तो मात्र जो पळत सुटला, तो थेट नागभीड स्टेशनावरच थांबला.